पानाची मागील बाजू

आजच्या समारंभाच्या सन्माननीय अध्यक्षा निशिगंधाताई, प्रमुख पाहुणे श्री. कमलेश दिसले, ‘रानओळख’ या संकेतस्थळाच्या संपादिका ईशानी, कर्जत व खालापूर तालुक्यांतून अगत्याने आलेले निसर्गमित्र, माझे माजी विद्यार्थी आणि बंधुभगिनींनो,

कमलेशरावांनी प्रास्ताविकात सांगितले की, टिपणीस सरांनी निवृत्तीनंतर सहा वर्षांत दहा हजार वनस्पतींना नावे दिली. दुरुस्त्या करण्याची जुनी खोड आहे, क्षमा असावी. नावे मी दिली नाहीत, ती होतीच. कोणी रानात झाड पाहतो, त्याचे छायाचित्र ‘रानओळख’वर टाकतो, आणि माझ्यासारखा घरी बसलेला निवृत्त प्राध्यापक त्याची ओळख सांगतो. छायाचित्र अपुरे असेल, तर पुन्हा काढायला सांगतो. काम एवढेच. ते मी आज थांबवीत आहे. का, हे आपणांस सांगणे मला भाग आहे.

गेली दोन वर्षे संकेतस्थळावर ‘कुंभिवलीचा वाटसरू’ या नावाने कोणी छायाचित्रे पाठवीत असे. एकूण त्रेचाळीस. मी गृहीत धरले होते की महाविद्यालयातला कोणी विद्यार्थी असावा. प्रश्न साधे, पण चांगले. एकदा जेवताना मी पत्नीला म्हणालो, “कुंभिवलीचा हा मुलगा मोठा चिकाटीचा आहे.”

मालती हसली. म्हणाली, “मग एकदा घरी बोलवा की त्याला जेवायला!”

मी म्हणालो, “संकेतस्थळावरच्या ओळखी तिथेच राहिलेल्या बऱ्या.”

“बरं. आमटी वाढू?” ती म्हणाली.

गेल्या सप्टेंबरात या वाटसरूने एका नेच्याचे छायाचित्र पाठवले. उपस्थितांपैकी अनेकांना ठाऊक आहे की नेच्याला फूल नसते, फळ नसते. त्याचे बीजाणू पानाच्या पाठीवर ठिपक्यांच्या रांगांनी बसतात. ती पाठ पाहिल्याखेरीज नाव सांगणे म्हणजे निव्वळ अंदाज. मी नेहमीप्रमाणे लिहिले : ‘छायाचित्र अपुरे. पानाच्या मागील बाजूचे छायाचित्र पुन्हा घ्यावे.’ उत्तर शास्त्रशुद्ध होते. आजही मी तेच लिहीन.

तीन दिवसांनी, सायंकाळी, ते छायाचित्र आले. उत्तम होते. मी पुढच्या खोलीत संगणकावर होतो. आतून मालतीने हाक मारली. “अहो, जरा इकडे येता का? छातीत कसंतरी होतंय.”

मी म्हणालो, “दोन मिनिटे. एवढी नोंद पुरी करतो.”

पाच वाजून बावन्न मिनिटांनी मी लिहिले : ‘बीजाणू स्पष्ट. ओळख निश्चित. चिकाटीबद्दल अभिनंदन.’ संकेतस्थळ वेळ मिनिटासह नोंदवते, म्हणून मला ती सांगता येते. मग मी उठून आत गेलो. दोन मिनिटे म्हटले होते. सहा झाली होती. रुग्णवाहिका येण्याआधीच ती गेली.

डॉक्टर म्हणाले की सहा मिनिटांनी फरक पडला नसता. ते माझे विद्यार्थी. वर्गात मी त्यांना प्रत्येक विधानाचा पुरावा मागत असे. त्या दिवशी मागितला नाही.

तेराव्याला कुंभिवलीच्या इंदूबाई आल्या. त्या आमच्या दारावर भाजी घेऊन येत. मालती आठवड्यातून एकदा भजनाला जाते अशी माझी समजूत होती. ती यांच्याबरोबर गावामागच्या उतारावर जात असे. इंदूबाईंचे शब्द जसेच्या तसे सांगतो.

“मास्तर, मी तिला म्हनायची, अगं, घरात एवढा मोठा मास्तर हाय, त्याला इचार ना. तर म्हनायची, घरात इचारलं का ते म्हनतात नंतर बघू. मोबाईलमंदी इचारलं का लगीच सांगतात! आनि हसायची. त्या दिवशी मी म्हनलं, बाय, दम लागतोय तुला, नको चढू. ऐकतेय कुठं! बसत बसत चढली. म्हनली, पाठची बाजू पायजे त्यांना, नायतर नापास करतील मला.”

तिला जिने चढण्याचीही मनाई होती. गोळ्यांच्या डबीवर सकाळ, दुपार, रात्र अशा चिठ्ठ्या मीच लावल्या होत्या.

इंदूबाई गेल्यावर मी मालतीचा फोन उघडला. त्रेचाळीस नोंदी होत्या. बेचाळीस उत्तरे वाचलेली होती. त्रेचाळिसावे न वाचलेले.

ते शेवटचे छायाचित्र मी पुन्हा पाहिले. पान उलटे धरलेला अंगठा त्यात आहे. नखावर उभी चीर आहे. आमच्या लग्नाच्या पहिल्या वर्षी विळीवर फणस कापताना मालतीच्या अंगठ्याला ती चीर पडली. पट्टी मी बांधली होती. त्या सायंकाळी हे छायाचित्र मी मोठे करून, डोळे ताणून पाहिले होते. प्रत्येक ठिपका मोजला होता.

ईशानी, तुम्ही मला तीनदा विचारलेत की सर, आपल्याकडे दोनशे चौदा प्रश्न पडून आहेत, तब्येत बरी नाही का? तब्येत ठीक आहे. मी छायाचित्र उघडतो आणि मला पान दिसत नाही. पानाखालचे बोट दिसते. कोणाचे असेल? त्याला धाप लागली असेल का? घरी कोणी त्याला ‘नंतर बघू’ म्हणाले असेल का? या प्रश्नांची उत्तरे द्यायला मी पात्र नाही, आणि आता पानाच्या प्रश्नांचीही नाही. माझे नाव तज्ज्ञांच्या यादीतून आजच काढावे. मागील बाजूच्या छायाचित्राचा नियम मात्र काढू नये. तो बरोबर आहे. त्यात चूक सापडावी म्हणून मी चार महिने प्रयत्न केला.

कोणी विचारील, या सगळ्यातून काही बोध? मला सापडलेला नाही. घरी गेल्यावर आपल्या माणसांशी बोला वगैरे मी सांगणार नाही. मला कोणी सांगितले असते, तर मी मान हलवून संगणकापाशी जाऊन बसलो असतो.

आपण हा सत्कार योजलात, दुरून आलात, एवढा वेळ शांतपणे ऐकलेत, याबद्दल मंडळाचा, अध्यक्षांचा आणि आपणां सर्वांचा मी ऋणी आहे. बोलण्याच्या ओघात औचित्याचा भंग झाला असेल, तर क्षमा करावी. आपण ती कराल, हे मी जाणतो. त्यापलीकडची क्षमा जिच्याकडे मागायची, तिची हाक मी ऐकली होती.

नमस्कार.