तीनदा दाबलेला हात

मावशी : मूठ सोडा ना, ताई! हाताला रंग लावायचाय. आज हाताचा क्लोजअप घेणार आहेत म्हणे.

ताई : राहू दे ना, मावशी.

मावशी : राहू दे काय? वीस वर्षं तुमचा मेकअप करतेय, अशी चुळबुळ कधी बघितली नाही. शेवटचा भाग म्हणून जीव कासावीस होतोय होय? दुपारची कामं टाकून बायका टीव्हीपुढे बसतात तुमच्यासाठी. रडतील आज बिचाऱ्या.

ताई : आज मुलाखतीला पाहुणी कोण आहे, माहितीये? निर्मात्यानं आत्ता सांगितलं. त्या बाईची मुलगी.

मावशी : अगं बाई! जिचा हात धरलेला तुमचा फोटो बाहेर भिंतीवर आहे, तिची?

ताई : हो. त्या एका फोटोवर माझं सगळं नाव उभं आहे. मावशी, कार्यक्रमाआधी मी प्रत्येक पाहुणीला काय सांगते?

मावशी : नको वाटलं तर माझा हात दाबा, मी विषय बदलेन. पाठ झालंय मला.

ताई : तिने दाबला होता. तीनदा.

मावशी : ताई...

ताई : नवऱ्याच्या माराला भिऊन पळून आलेली बाई. आणि मी विचारलं, सध्या कुठे राहता? थेट प्रक्षेपण. तिने हात दाबला, मी पुन्हा विचारलं. सगळे प्रेक्षक श्वास रोखून बसले होते हो, मला सोडवेना ते! शेवटी तिने गल्लीसकट सांगितलं. नवरा घरी टीव्ही बघत होता. आठ दिवसांत गेली ती.

मावशी : मारलं त्यानं. तुम्ही नाही.

ताई : अजून दाबते ती. कुणाचाही हात धरला की तीनदा.

मावशी : म्हणून नंतर कुणालाच पत्ता विचारला नाहीत.

ताई : तुमच्या लक्षात आलं होतं?

मावशी : त्या दिवशी ब्रेकमध्ये तुमच्या हातावरचे तिच्या नखांचे वण कुणी झाकले? मीच ना? रक्त आलं होतं. मी विचारलं नाही, तुम्ही सांगितलं नाहीत. आणि तिची एवढीशी पोर त्या स्टुलावर बसून बिस्किट खात होती. मलाही दिसते हो ती.

(दारावर टकटक होते.)

मुलगी : येऊ का, मॅडम? मी... आज तुमच्यासोबत बसणार आहे. अय्या, हे स्टूल अजून आहे! इथूनच मी आईला पडद्यावर बघत होते.

ताई : आठवतंय तुला?

मुलगी : तेवढंच आठवतं. आई खूप घाबरली होती आणि तुम्ही तिचा हात सोडला नाहीत. मामाकडे वाढले ना मी, रडू आलं की तेच आठवायची. आज माझाही धराल?

मावशी : ताई, नका हो. पोरीकडे तेवढंच आहे.

मुलगी : काय नका?

ताई : मावशी, हा चेहऱ्यावरचा रंग पुसा आधी. आणि दार लावा. बाहेरचे बोलावतील, बोलावू देत. तू बस गं, माझ्यासमोर. कॅमेऱ्यापुढे नाही, इथेच सांगते.

मुलगी : काय झालं, मॅडम? हात असा पुढे का केलात?

ताई : धर तो. मी बोलायची थांबले, तर दाब.