चावी दिलेलं घड्याळ

नाही, बसा ना. घड्याळ परत द्यायला स्वतः आलात, तेवढी तरी माणुसकी म्हणायची. पाहिली की मालिका — सगळी पाहिली, खटल्याचा भाग तर दोनदा. शेजारीण म्हणाली, अगं, हा नट म्हणजे हुबेहूब तुझे बाबा! दिसणारच! दोन दुपारी समोर बसवून शिकवलं मी तुम्हाला — मंत्री असताना बाबा चालायचे कसे, खोकायचे कसे, रुमाल कुठल्या खिशात. वर त्यांचं घड्याळ हातावर बांधलं, ज्याला माझ्या मुलालाही कधी हात लावू दिला नाही मी. आणि तुम्ही खाल्ल्या घरचे वासे मोजलेत.

तो वकील विचारतो, मोर्चावर गोळ्या झाडायचा हुकूम फोनवरून तुम्हीच दिलात ना — आणि तुम्ही घड्याळ काढून, चावी देत देत म्हणता, 'नाही.' का? चावी द्यायची सवय मीच सांगितली, कबूल. पण ती घरातली हो. आईशी खोटं बोलताना — म्हणजे, काही लपवायचं असलं की. कुठे होतात विचारलं, की घड्याळ मनगटावरून खाली, चर्रचर्र चावी, 'मीटिंग होती.' चावी कधी द्यायचे, हे सांगितलं होतं मी? नाही ना? मग नेमकी त्याच 'नाही'ला कशी दिलीत चावी? कारण कोर्टात त्यांनी — तिथेच दिली होती. कुणाच्या लक्षात आलं नाही. समोरच्या बाकावर आई आणि मी, आईची नखं माझ्या मनगटात रुतलेली. बाबा सुटले. हुकूम त्यांच्या सेक्रेटरींनी परस्पर दिला असं ठरलं, ते आत गेले — काका म्हणायचो आम्ही त्यांना. त्यावर आम्ही मायलेकी कधी अवाक्षर बोललो नाही. आणि मी जन्मभर लोकांशी भांडत आले, माझे बाबा तसले नव्हते म्हणून.

काय, सहज सुचलं? कुणीच नाही सांगितलं? असेल बाई, असतात असे योगायोग — अहो, हे काय करताय? चावी का देताय त्याला?

खोटं बोलताय तुम्ही.

थांबा. दुसऱ्या दुपारी मी औषधं आणायला गेले होते. घरात तुम्ही आणि आई, दोघंच. म्हणजे आईनं — परक्या माणसाला? माझ्यापाशी इतकी वर्षं मिठाची गुळणी धरून, तुम्हाला?

ठेवा ते टेबलावर. निघा आता. दार हळू लावा — आई जागी आहे आत.