दारावरचं X 23

तुम्ही हसाल, पण सांगतेच. मी आठ महिन्यांच्या पिंकीला घेऊन मोहाडीच्या बाजाराला गेली होती, सासूबाई वावरात. परत येऊन पाहते तर दारावर खडूने लिहिलेलं, X 23.

सासूबाई म्हणाल्या, "दारावर फुली बरी नाही बाई, पुसून टाक." मी ओल्या फडक्याने पुसलं.

पण जिवाला चैन पडेना. शेजारची दारं पाहिली. अलीकडे वंदनाच्या दारावर P 22, पलीकडे P 24. म्हणजे तेवीस आमचं घर. पण सगळ्यांना P, अन् आम्हालाच X काहून?

एवढ्यात वंदनाची पोरगी दिसली. करंगळीच्या नखावर काळी शाई.

"पोलिओवाल्या ताई येऊन गेल्या ना," वंदना म्हणाली. "तू कुठं होती?"

तेव्हा कुठं माझ्या ध्यानात आलं. P म्हणजे डोस झाला, X म्हणजे लेकरू राहिलं. ती खूण पाहूनच ताई परत येणार, अन् मी तीच पुसली! चुलीतला कोळसा घेतला अन् दारभर X 23 काढलं.

दुसऱ्या दिवशी ताई आल्या अन् दारातच थबकल्या. "बाई, एवढा मोठा मी नव्हता काढला!"

"तुम्हाले दिसला नसता तं?"

"अवो, पोरीचं नाव माह्या वहीत हाय ना. दार कोरं असतं तरी आली असती मी."

पिंकीला दोन थेंब पाजले, खाली P लिहिला अन् हसत गेल्या.

सासूबाईंनी फडका उचलला. मी म्हटलं, "आई, X खुशाल पुसा, P तेवढा राहू द्या."

"पुसतो ना," त्या म्हणाल्या, "पण तुझा कोळसा निघन तवा!"