राष्ट्रपतींचं विमान कापायला आले तेव्हा

पौडच्या पुढे रिसॉर्टच्या आवारात ते जुनं पांढरं विमान आहे ना, ते एकदा कापलंच जाणार होतं.

एकेकाळी त्यातून राष्ट्रपती फिरायचे आणि मी त्याचा मेकॅनिक होतो. रिसॉर्टवाल्याने ते लिलावात घेतलं, तेव्हापासून दर रविवारी सूसहून जाऊन मीच त्याची देखभाल करायचो. एका सकाळी तिथल्या राखणदाराचा, ज्ञानोबाचा फोन आला. "काका, भंगारवाले आल्यात. पंख कापाय लागत्यात. बिगीनं या."

मी मालकाच्या घरी गेलो. तो म्हणाला, "मला पार्किंगला जागा हवीय." तरी त्याला हट्टाने गाडीत बसवलं. पिरंगुटच्या ट्रॅफिकमध्ये तास गेला. पंख गेलेच, असं मी मनात धरलं.

पोचलो तर चौघे भंगारवाले गॅसकटर बंद करून, चपला काढून पंखाखाली बसलेले. मालक ओरडणार, तोच एकाने ओठांवर बोट ठेवलं. "धीरे बोलो. साहब अंदर सो रहे हैं."

आतून घोरणं ऐकू येत होतं. मालकाने बूट कधी काढले, त्यालाच कळलं नाही. थोडा वेळ विमानाकडे बघून तो कुजबुजला, "राहू दे. नका कापू."

भंगारवाले गेल्यावर मी ज्ञानोबाला बाजूला घेऊन विचारलं, "राष्ट्रपती झोपलेत, असं खोटं सांगितलंस?"

"न्हाई बा. मी म्हणलं, सायेब झोपल्यात. राष्ट्रपती त्यांचं त्यांनीच धरलं."

"मग आत कोण आहे?"

"माजा मेव्हणा, नेरे गावचा. जमीन इकल्यापास्नं त्याला समदी सायेबच म्हणत्यात."