जावयाची बोटं आणि माझी पार्टनर

आता ती फायनल दोन हजार सोळाची होती की सतराची, शपथेवर नाही सांगता येणार… हॉलचं हीटिंग बंद पडलं होतं एवढं नक्की, की तेही आधीच्या वर्षीचं?… जाऊ दे, साल विसरलो असेन, पण अपमान? तुम्हाला सांगतो, अपमान मी विसरत नाही! अहो, माझी पार्टनर पळवली हो! चाळीस वर्षांची पार्टनर, आणि कुणी पळवली, तर जावयानं! दचकू नका, पार्टनर म्हणजे पत्त्यांतली. बायको या नात्यानं लीलावती अजून माझ्याकडेच आहे, पण इंग्लंडातल्या आमच्या मराठी मंडळाच्या मेंढीकोटाच्या स्पर्धेत ती माझ्यासमोर बसायची आणि एका वर्षी बघतो तर ती जावयासमोर! ना चर्चा, ना नोटीस! तेव्हापासून दरवर्षी कप त्या दोघांचा, आणि माझ्यासमोर कोण, तर स्वानंद, पुण्याचा सॉफ्टवेअरवाला, जो हुकूम कुठला म्हणून दर हाताला विचारतो. "काका, बदाम ना?" अरे, इस्पिक रे!

तर जावई. नाव ट्रॅव्हिस. आमची देविका एका वर्षासाठी ओहायोला शिकायला गेली आणि हा घेऊन आली. मी विचारलं, करतो काय? म्हणाली, बाबा, ही वॉज अ प्रोफेशनल बेसबॉल कॅचर. आता मी एमडी, एफआरसीपी, पस्तीस वर्षं एनएचएसमध्ये संधिवाताचा कन्सल्टंट, मला वाटलं माझ्याच अज्ञानाचा प्रश्न असेल, म्हणून वाचलं. कॅचर म्हणजे काय? तर बॅटवाल्याच्या मागे उकिडवं बसायचं, तोंडाला जाळी, छातीला गादी, आणि ताशी नव्वद मैलांनी येणारा चेंडू झेलायचा. नऊ वर्षं! नऊ वर्षं हा माणूस उकिडवा बसला आणि त्याला करिअर म्हणतात! अकरा गावं बदलली, रात्रंदिवस बसचे प्रवास, आणि वरच्या लीगमध्ये एकूण किती दिवस? चार! त्यातले तीन बाकावर! हे मी त्याच्या तोंडून नाही ऐकलं, मी शोधून काढलं, प्रिंट काढून फाइलला लावलं. का? कारण मी विसरत नाही!

आणि लीलावतीला काय त्याचं कौतुक! "अहो, ट्रॅव्हिसरावांना आणखी एक वडा वाढा." ट्रॅव्हिसराव! मिल्टन कीन्सच्या गोदामात मॅनेजर आहे तो, संस्थानिक नाही! आणि तो, "आई, मस्त झालाय वडा!" मला अठ्ठेचाळीस वर्षांच्या संसारात कधी सुचलं नाही तसलं बोलायला.

बरं, वाचता वाचता मला सापडलं. काय सापडलं? कॅचर नुसता झेलत नाही. तो उकिडवा बसून मांड्यांच्या मधे बोटांनी खुणा करतो, लपवून! एक बोट म्हणजे सरळ वेगवान, दोन म्हणजे वळणारा… समोरच्या गोलंदाजाला कळतं, बाकी कुणाला नाही. नखं दिसावीत म्हणून त्यांना पांढरा रंगसुद्धा लावतात! मी खुर्चीतून उठलोच. कारण, तुम्हाला सांगतो, स्पर्धेत मी ट्रॅव्हिसच्या उजव्या हाताला बसायचो आणि दर दोन डावांनी त्याचा उजवा हात टेबलाखाली जायचा. मी डोळ्यांनी बघितलं होतं! एक बोट बाहेर… मग दोन… मग अंगठा! नऊ वर्षांचा प्रोफेशनल अनुभव, आणि वापरतोय कुणावर? सासऱ्यावर!

आता मी शास्त्राचा माणूस, उगीच आरोप नाही करणार. मी वही केली. एक बोट इस्पिक, दोन बदाम, तीन चौकट, चार किलवर, आणि अंगठा म्हणजे मेंढी, म्हणजे दश्शी आहे हातात. घरी जेवणानंतर मुद्दाम डाव मांडायचे, खाली वाकून बघायचं… "बाबा, काय शोधताय?" "चष्म्याचं घर पडलं." तीन महिन्यांत एकसष्ट खुणा नोंदल्या. जुळल्या किती? अठ्ठावीस. कमी वाटतात ना? मलाही वाटल्या, दोन रात्री झोप नाही, म्हटलं पुरुषोत्तम, तुझंच तर काही चुकत नाही ना… पण मग वाचनात आलं की खुणा कुणी चोरून बघतंय असं वाटलं की कॅचर मुद्दाम खोट्या खुणा मिसळतो! म्हणजे जुळल्या त्या खऱ्या, आणि न जुळल्या त्या माझी दिशाभूल करायला! एकसष्टपैकी एकसष्ट! विचार करा, किती मुरलेला चोर!

तर ती फायनल. मी आणि स्वानंद विरुद्ध लीलावती आणि तिचे ट्रॅव्हिसराव. सगळा हॉल भोवती उभा, हातात कागदी प्लेटा. माझा बेत ठरलेला. आधी त्याच्या खुणा वाचून त्यालाच हरवायचं, मग सगळ्यांसमोर वही उघडायची आणि लीलावतीनं म्हणायला हवं, "अहो, पुढच्या वर्षी मी तुमच्यासमोर बसते." एवढंच! कप ठेवा तुमच्याजवळ, मला माझी पार्टनर हवी होती!

शेवटचा डाव. तीन मेंढ्या त्यांनी उचललेल्या, चौथी, बदामाची, माझ्या हातात. ती वाचली की कोट टळला. लीलावतीनं बदामाची दुर्री टाकली. बदामाची राणी, राजा, एक्का, काहीच अजून पडलेलं नाही. माझ्याकडे मेंढी आणि पंजा, दोनच बदाम. पुढे ट्रॅव्हिसकडे काय आहे बघू म्हणून मी टेबलाखाली पाहिलं. ट्रॅव्हिसचा हात खाली. तीन बोटं! तीन म्हणजे चौकट! म्हणजे याच्याकडे बदाम नाहीत, चौकटच आहे, आणि हुकूम तर किलवर! मी छाती पुढे काढून मेंढी खेळलो. आणि ट्रॅव्हिसनं, सावकाश, बदामाचा एक्का. वर स्वानंदची चौकी.

मेंढीकोट! माझ्यावर! "काका, मेंढी का खेळलात?" स्वानंद हे सगळ्या हॉलला ऐकू जाईल असं म्हणाला.

मी उठलो. माझा आवाज असा चढतो हे मलाच माहीत नव्हतं. "खुणा करतो हा! खोट्या खुणा! हात वर घे! सगळ्यांसमोर घे!"

ट्रॅव्हिस लाल झाला. त्यानं देविकेकडे पाहिलं आणि उजवा हात टेबलावर ठेवला. मूठ. मग डाव्या हातानं एकेक बोट धरून सरळ करायला लागला. एक… दोन… अंगठा… मधलं तर होतच नव्हतं.

देविका म्हणाली, "बाबा, थंडीत त्याची बोटं लॉक होतात. चार वेळा फ्रॅक्चर झालीत. झेलताना."

मी खाली बसलो. तर्जनीचा सांधा सुजलेला, मधलं बोट वाकडं जुळलेलं, करंगळी… अहो, क्लिनिकमध्ये दारातून आत येणाऱ्याचा मी हात न धरता निदान सांगायचो!

"मग मला का नाही दाखवली?"

"यू गिव्ह एव्हरीवन अ डायग्नोसिस, बाबा," ट्रॅव्हिस म्हणाला. "ॲट डिनर. मला लाज वाटली."

आणि लीलावती, कपाकडे न बघता, "पस्तीस वर्षं परक्यांची बोटं बघितलीत. घरातल्याची बघायला वही केलीत."

त्याला दुसऱ्याच दिवशी गरम मेणाची ट्रीटमेंट सुरू केली, व्यायाम मी स्वतः बसून करून घेतो, रोज, कळ येईपर्यंत. त्यातही थोडा सूड असेल, नाही म्हणत नाही. बोटं पुष्कळ सुटली त्याची. पण मूळ प्रश्न सुटला का? चोरी केली नसेल त्यानं, पण लीलावती माझ्यासमोरून उठून तिकडे गेली ती गेलीच ना? तिला विचारलं की म्हणायची, "आठवा." मी काय आठवू? उठून गेली ती, मी विसरत नाही!

गेल्या वर्षी मंडळाला पंचवीस वर्षं झाली. सेक्रेटरी आसावरीनं स्मरणिकेसाठी जुने खोके उपसले आणि स्पर्धेच्या नावनोंदणीच्या एका फॉर्मचा फोटो मला व्हॉट्सॲपवर पाठवला, सोबत हसरा चेहरा. मोठा करून पाहिला. दोनदा पाहिला. "पार्टनर बदलून मिळावा. सौ. पत्ता टाकायला फार वेळ लावतात. त्यांना कोणीही चालेल, नवीन जावईसुद्धा." निळी शाई. अक्षर माझं. खाली सही माझी, दोन्ही डिग्र्यांसकट.