दुसऱ्या पानावरचं नाव

दातांच्या दवाखान्यात माझ्या मागच्या बाकावर मायलेकी बसल्या होत्या. लेकीचं लग्न ठरलेलं.

“सगळं घरच्यांनीच करायचं, तर ती प्लॅनर कशाला नेमलीस?”

“कुणी काय करायचं ते ठरवायला, आई.”

“आणि रिसेप्शन म्हणे वाळवंटात! तिथे पाणी कुठून येणार?”

“मामा टँकर आणतोय.”

“बसायचं कशावर?”

“काका सतरंज्या अंथरतील.”

“वाळूवर? तुझ्या आत्याला एकदा खाली बसवलं की उठवायला चार माणसं लागतात!”

“आत्या बसणारच नाहीये. तिच्याकडे कंदील आहेत. ही बघ यादी.”

“थांब, चष्मा लावू दे. फुलं तुझ्या सासूकडे? घरात माझी एवढी बाग असताना?”

“प्लॅनरने ठरवलंय गं.”

“गाणी बाबांकडे! त्या माणसाला अजून टीव्हीचा आवाज कमी करता येत नाही.”

“शिकतायत ते.”

“माझं नाव कुठाय?”

“दुसऱ्या पानावर.”

“इथे तर नुसते पाहुणे आहेत.”

“मीच सांगितलं तिला. तू जन्मभर राबलीस, त्या दिवशी तरी निवांत बस.”

“असं होय? मग घरी येऊन रीतसर आमंत्रण कर. जमतंय का बघते.”