जहाज आडवं आलं

कोलोनची बस पनामा कालव्यावरच्या नव्या पुलाच्या चढाला लागली, तेव्हा माझ्या पुढच्या बाकावरचा म्हातारा बायकोकडे वळला.

"एलिदा, आज पोरीचं लग्न आहे, म्हणून सांगून टाकतो. आपल्या लग्नात मी उशिरा आलो ना, तेव्हा जहाज आडवं आलंच नव्हतं."

"बरं."

"तेव्हा पूल कुठला! कालव्याच्या दरवाज्यांवरून रस्ता जायचा, जहाज आलं की दरवाजे उघडायचे आणि रस्ता बंद. त्या दिवशी तो मोकळा होता, पण माझेच पाय उचलेनात. टपरीवर बसून तळलेली केळी खात राहिलो."

"तीन बशा."

"तीन... तुला कोणी सांगितलं?"

"कोण कशाला सांगेल? मी मोजल्या. टपरीमागे मामाच्या गाडीत बसले होते."

"नवरीच्या झग्यात?"

"मग काय घरच्या कपड्यांत? मलाही धडकी भरली होती. म्हटलं, हा पुढे गेला तर जायचं, माघारी फिरला तर आपणही घरी."

"आणि फादरना तूही जहाजच सांगितलंस!"

"तेव्हा अख्खं गाव तेच सांगायचं."

"एकतीस वर्षं मी हे पाप उरावर घेऊन फिरतोय, बाई!"

"मी वाट बघत होते, कधी कबूल करतोस त्याची."

"आणि मी उठलोच नसतो तर?"

"चौथी बशी मागवून तर बघायची होतीस! तस्साच कान धरून नेला असता."

बस पुलाच्या माथ्यावर आली.

"विक्टोरिनो, खाली बघ, केवढं जहाज!"

"घ्या! आज खरंच आलंय, आणि आपण थांबलोच नाही."